व्हायोलांचा कागद

सिरिल हॅडफील्ड पानामागे पैसे घ्यायचा.
चार बारचं एक पान.
मिरजेला भावाला हे लिहिलं तेव्हा त्याचं उत्तर आलं:
चार बार? मग माणूस काम कधी करतो?

मी त्याची नक्कल उतरवणारी.
तो शिसपेन्सिलीने अख्खा वाद्यवृंद एका कागदावर उभा करायचा,
मी शाईने प्रत्येकाचं वेगळं वाढायची,
बासरीला एवढं, ट्रॉम्बोनला तेवढं,
झांजवाल्याच्या पानात बहुतेक नुसतं थांबणं,
बावीस बार, मग एकदा झण्.

मँचेस्टरला स्टेशनमागची खोली.
नाणं टाकलं की उजळणारी गॅसची शेगडी.
पहाटे तीनला संगीतकाराचा फोन.
संगीतकार म्हणजे ज्याचं नाव दारावर दिव्यांनी लिहितात तो.
त्याला स्वरलिपी येत नसे. तो गुणगुणायचा आणि म्हणायचा,
इथे काहीतरी समुद्रासारखं कर, सिरिल.
सिरिल करायचा.
हार्प परवडायची नाही, म्हणून
दोन क्लॅरिनेटांना एकमेकांमागे धावायला लावायचा,
आणि बाल्कनीतल्या बायका रुमाल काढायच्या.
सकाळी पेपरात समुद्र संगीतकाराचा.

त्याचं स्वतःचं असं एकच नाटक.
बटणांच्या कारखान्यातल्या एका मुकादमिणीचं.
ओल्डहॅमला नऊ रात्री चाललं.
दहाव्या रात्री तिथे शिकवलेल्या कुत्र्यांचा खेळ लागला.
त्यानंतर त्या नाटकाचं नाव
त्याच्या तोंडून मी ऐकलं नाही.

पण कागद माझ्याच हाताखालून जात होते.
पुढच्या वर्षी, कुणा दुसऱ्याच्याच नाटकात,
दुसऱ्या अंकातल्या प्रेमगीताच्या पोटात
व्हायोलांच्या ओळीत मला ती भेटली:
मुकादमिणीची चाल, सहा बारांची.

व्हायोला कोण ऐकतं?
वर व्हायोलिनं, खाली चेलो,
मधे ती, मोठ्या घरातल्या मधल्या सुनेसारखी,
नसली तरच कळते.
पुढच्या नाटकात पुन्हा तीच.
ब्रॅडफर्डच्या नाताळच्या तमाशात, कापडी गायीच्या नाचाखाली, तिथेसुद्धा.
मी चौदा मोजली.

आमचे अण्णा सतारीचा भोपळा आतून तासायचे,
कुणाचा डोळा पोचणार नाही तिथे
तासभर हात फिरवत बसायचे.
म्हणून असेल, मी सिरिलला विचारलं नाही.
त्या ओळीपुरती निब पुसून घ्यायची, इतकंच.

मग वाद्यवृंद आटत गेला.
सव्वीस होते. सतरा झाले. अकरा. सात.
दर खेपेला पत्र: खुर्च्या वाढवतो आहोत,
खड्डा लहान होईल, संगीत तुमचं आहे,
तेव्हा तुम्हीच कापलेलं बरं.
तो कापायचा.
दुसऱ्या ओबोचा घास पहिल्याच्या तोंडात,
फ्रेंच हॉर्नचा सॅक्सोफोनच्या.
व्हायोलांची पाळी आली त्या रात्री
त्याने फाईल माझ्याकडे सरकवली.
डोळे शिणलेत, शालन. तूच बघ.
मी बघितलं.

स्टॉकपोर्टच्या एका शाळेची व्यायामशाळा, मार्च महिना.
भिंतीशी गुंडाळून बांधलेले चढायचे दोर,
घामाचा आणि फ्लोअर पॉलिशचा वास,
एक कीबोर्ड, एक ड्रमचा संच,
आणि तेच प्रेमगीत.
वाजवणारा तेरा-चौदाचा पोरगा.
पान उलटायला गेला आणि दोन पानं एकदम आली,
उजवा हात कागदात अडकला,
डावा आपला एकटाच चालत राहिला.
गाणारी मुलगी तोंड उघडं ठेवून
त्या डाव्या हाताकडे बघत उभी.
सहा बार.

शेजारी सिरिल पेपरमिंटचा कागद सोडवत होता.
थांबला.
हे तू इथे ठेवलंस?
जागा होती, मी म्हटलं.

पोराला पान सापडलं, समुद्र परत सुरू झाला.
सिरिलने एक गोळी तोंडात टाकली
आणि एक माझ्या तळहातावर ठेवली,
खिशातल्या उबेने चिकट झालेली.